हरकत असल्यास कळवावे

कुठलाही आवाज दाबायचा असेल तर खुशाल मला बोलवा! कुत्रं भुंकत असो, शेजारी करवत चालत असो, नाहीतर डोक्यावरून विमान जात असो. मी सेटवर असलो की त्यातलं काही म्हणजे काही प्रेक्षकाला ऐकू जाणार नाही. नायक-नायिका एकमेकांच्या डोळ्यांत बघत असतात ना, तेव्हा त्यांच्या डोक्यावर लांब दांडीला बांधलेला माइक धरून एक माणूस उभा असतो. तो मी. तुम्हाला मी कधी दिसलो नसेन. दिसलो असतो तर मला केव्हाच घरी पाठवलं असतं!

माझं नाव आर्तेमियो बातुंगबाकाल. आमच्या भाषेत ह्या आडनावाचा अर्थ दगड आणि लोखंड असा होतो. मला पाहिल्यावर लोक दोन्हींपैकी निदान एक तरी सापडतंय का ते शोधत बसतात. सेटवर मात्र हे नाव कुणालाच ठाऊक नाही. तिथे मला सगळे ‘बॉय’ म्हणतात. पस्तिशी उलटली, पोट सुटलं, केस मागे सरकले, तरी बॉय. मनिलातल्या प्रत्येक गल्लीत असा एक टकला बॉय असतोच.

रोज संध्याकाळी बातम्या संपल्या की आमची मालिका लागते. तिच्यात बेला आणि झांड्रो. आता आमच्याकडे जोडी जमली की ती पडद्यावर राहत नाही, लोक ती उचलून घरी नेतात. बेला आणि झांड्रोची ‘झानबेला’ झाली. झानबेलाचे टी-शर्ट निघाले, हातपंखे निघाले, जोडी जमल्याचा वाढदिवस दर महिन्याला केक कापून साजरा व्हायला लागला. आणि पडद्यावर प्रेम करणाऱ्यांनी पडद्यामागेही एकमेकांवरच प्रेम करायचं असतं, हा तर अलिखित कायदा! मागे दुसऱ्या एका मालिकेतली नायिका चुलतभावाबरोबर आइस्क्रीम खाताना कुणाला तरी दिसली. दुसऱ्या दिवशी तिला टीव्हीवर येऊन रडत रडत माफी मागावी लागली. चुलतभावाला जन्मदाखला दाखवावा लागला!

आता पुढचं जरा आवाज खाली करून सांगतो. बेलाचं माझ्यावर प्रेम आहे. झांड्रोवर नाही, माझ्यावर.

मला स्वतःलासुद्धा अजून खरं वाटत नाही, तर तुम्हाला काय वाटणार! झालं असं, की पावसातल्या प्रेमाचा प्रसंग चालला होता. अग्निशमन दलाचा बंब पाणी उडवत होता. झांड्रो म्हणत होता, “तुझ्याशिवाय मी जगू शकत नाही,” आणि माझ्या कानांवरच्या हेडफोनात तिच्या पोटातून आवाज आला, गुर्रर्र! बिचारी सकाळपासून उपाशी होती. प्रसंग संपल्यावर मी माझ्या पिशवीतला सुमान, म्हणजे केळीच्या पानात उकडलेला चिकट गोड भात, तिच्यापुढे धरला. जनरेटरच्या गाडीमागे उकिडवी बसून तिने तो दोन घासांत संपवला आणि म्हणाली, “अजून आहे?” त्या दिवसापासून मी पिशवीत दोन सुमान ठेवायला लागलो. तिचं खरं नाव फ्लोरेन्तिना दिमायुगा, घरचं नाव टिनाय. दिवसभर ती माझ्या माइकखाली उभी राहून दुसऱ्याला ‘माझं तुझ्यावर प्रेम आहे’ म्हणायची, आणि मी भीतीने दांडी हलू न देता ते नीट ध्वनिमुद्रित करायचो. कुणाला कळलं असतं तर तिची मालिका जाणार होती, माझी नोकरी जाणार होती आणि चाहत्यांच्या हाती सापडलो असतो तर मीसुद्धा जाणार होतो.

पण एके दिवशी टिनायने विषय काढलाच.

“बॉय, मला लग्न करायचंय.”

“मालिका संपली की लगेच—”

“मालिका संपतेय होय! दोनदा माझी स्मृती गेली, एकदा मी मेले, परत आले. ही मालिका आपल्या नातवंडांच्या बारशालासुद्धा चालू असेल!”

“पण लोक काय—”

“तू लोकांना घाबरतोस की माझ्यावर प्रेम करतोस?”

“दोन्ही,” मी खरं ते सांगितलं.

ती हसली नाही. “मला मिरवणूक नको, दागिने नकोत. माझ्या गावच्या चर्चमध्ये, सकाळच्या पहिल्या प्रार्थनेला, आईबाबांसमोर. एकदा तरी तू चार माणसांत उभा राहून म्हण की मी तुझी आहे. दिवसभर मी खोटं ऐकते रे. खरं एकदा ऐकायचंय. तेवढंही जमणार नसेल तर आत्ताच सांग. मी पुन्हा वाट बघणार नाही.”

मी जमेल म्हणालो. 

गोची पुढे आली. आमच्यात लग्न गुपचूप होत नाही. लागोपाठ तीन रविवार दोघांच्याही चर्चमध्ये पाद्री भर प्रार्थनेत वधूवरांची नावं वाचून दाखवतो आणि विचारतो, ह्या लग्नाला कुणाची हरकत आहे काय? असल्यास कळवावे! माझ्या वस्तीतल्या चर्चची चिंता नव्हती, तिथे त्या वेळेपर्यंत निम्मे लोक पेंगत असतात. पण टिनायचं गाव सान तेल्मो! तिथलं शेंबडं पोरदेखील सांगेल की फ्लोरेन्तिना दिमायुगा म्हणजे आपली बेला. आणि पहिल्या बाकावर कोण बसतं? सेपा मावशी!

सेपा मावशी ही टिनायच्या आईची सख्खी बहीण. चर्चसमोर तिचं खाणावळीचं दुकान आहे; तिच्या हातचे जाड नूडल्सचे लोमी खायला शेजारच्या गावांतून लोक येतात. ती झानबेला चाहता मंडळाची अख्ख्या प्रांताची अध्यक्ष. दुकानात येशूच्या तसबिरीशेजारी झानबेलाची तसबीर, आणि मोठी कुठली ते मी सांगत नाही. टिनायने आईबापांना सगळं सांगितलं होतं. मावशीला सांगायची छाती घरात कुणालाच नव्हती. मावशी बोलताना हातात झारा असतो.

पण मी काय साधा माणूस होतो? आवाज दाबणं हा तर माझा धंदा! मी थेट फादर उर्बानोंना भेटलो. लग्नाआधी पाद्री वधूवरांना बोलावून चार प्रश्न विचारतो, तेव्हा आमची ओळख झालीच होती. म्हटलं, “फादर, तुमची ध्वनियंत्रणा फार जुनी आहे. मी दुरुस्त करून देऊ? फुकट!”

“देवानेच धाडलं रे बाबा तुला!” फादर गहिवरले. देवाला ह्यात ओढल्याबद्दल मला भीती वाटली, पण काम महत्त्वाचं.

पहिला रविवार फत्ते झाला. फादरांनी कागद उघडताच मी खांबामागून एक तार हलकेच सैल केली. “फ्लोरेन… खर्रर्र… युगा आणि आर्ते… खर्रर्र… कुणाची हरकत… खर्रर्र!”

माझ्या पुढच्या बाकावरची म्हातारी शेजारणीला म्हणाली, “काय म्हणाले गं?”

“कुणाची तरी म्हैस हरवलीय वाटतं.”

दोघींनी म्हशीसाठी प्रार्थना केली. त्या दिवशी मी मनिलाला परतताना बसमध्ये चक्क शीळ घालत होतो!

दुसऱ्या रविवारी सान तेल्मोत उतरलो आणि माझी शीळ ओठांवरच वाळली. चर्चसमोर बसच्या रांगा लागलेल्या. प्रांतभरातून चाहत्या आल्या होत्या, सगळ्यांच्या अंगात गुलाबी टी-शर्ट, छातीवर बदामात बेला आणि झांड्रो. जोडी जमल्याचा वाढदिवस! त्यानिमित्त आभाराची प्रार्थना. आणि प्रमुख पाहुणे कोण? खुद्द बेला आणि झांड्रो! चॅनेलने आदल्या दिवशी परस्पर ठरवून टाकलं होतं. टिनाय पहिल्या बाकावर झांड्रोशेजारी बसली होती. तिने माझ्याकडे पाहिलं आणि नुसत्या भुवयांनी विचारलं, आता?

मी उत्तर द्यायच्या आत सेपा मावशीने माझा दंड धरला. “ए बॉय! शूटिंगवाला ना तू? बरा सापडलास. हा टी-शर्ट घाल. आणि वर बघ!”

मी वर पाहिलं. घंटेच्या मनोऱ्यावर चार दिशांना तोंडं करून चार नवेकोरे कर्णे बसवलेले!

“मागच्या रविवारी ती खरखर मला सहनच झाली नाही. मंडळातर्फे देणगी दिली. आता फादरांचा शब्द न् शब्द पार समुद्रापर्यंत जाणार! यंत्रापाशी तूच बस, तुझ्याइतका जाणकार इथे कोण आहे?”

मी नवीन यंत्रासमोर बसलो. अंगात आखूड गुलाबी टी-शर्ट, बेंबीच्या जरा वर झांड्रोची हनुवटी. कपाळावरचा घाम डोळ्यांत जात होता. कुठल्या बटणावर बोट ठेवलंय तेच मला दिसेना. प्रार्थना संपत आली. फादरांनी खिशातून कागद काढला. सैल करायला आता तार नव्हती, सगळं नवीन आणि घट्ट! मी डोळे मिटले आणि हाताला लागली ती कळ सर्रकन खाली ओढली.

चर्चमध्ये एकदम शांत झालं. फादरांचे ओठ हलत होते, पण आवाज नाही. जमलं! मी सुटकेचा श्वास सोडला, आणि तेवढ्यात तो आवाज बाहेरून आला. मी बंद केले होते ते फक्त आतले कर्णे! मनोऱ्यावरचे चारही कर्णे सुरूच होते. “फ्लोरेन्तिना दिमायुगा… युगा… युगा… आणि आर्तेमियो बातुंगबाकाल… बाकाल… बाकाल… ह्यांच्या विवाहास… कुणाची हरकत… हरकत… असल्यास कळवावे!”

समोरच्या बाजारात मटण तोडणाऱ्याचा सुरा थांबला. प्रवासी भरून नेणाऱ्या जीपनी गाड्यांचे भोंगे थांबले. माझं हृदयही थांबलं असावं, कारण मला ते ऐकू येत नव्हतं.

सेपा मावशी उभी राहिली. “फादर, हरकत आहे!”

“आहे! आहे! आहे!” मागचं सगळं गुलाबी चर्च उठून उभं राहिलं.

फादर उर्बानो म्हणाले, “ज्यांची हरकत असेल त्यांनी नंतर कार्यालयात—”

“नंतर कशाला? आत्ता सांगते! ह्या मुलीचं ठरलंय. गेल्या गुरुवारी पुलावर झांड्रोने तिला अंगठी घातली. सगळ्या देशाने पाहिलंय!”

“अहो बाई, ती मालिका आहे!”

“असेल! पण अंगठी तर खरी होती ना?”

दुसरी एक बाई हात वर करून पुढे आली. “मी शपथेवर सांगते फादर, तिला दिवस गेलेत! डॉक्टरांनी सांगितलं तेव्हा मी समोर होते.”

“समोर म्हणजे कुठे?”

“घरी. सोफ्यावर.”

“आणि त्यांचं लग्न आधी झालेलंच आहे,” तिसरी ओरडली, “ह्याच चर्चमध्ये! शूटिंगला तुम्हीच जागा दिलीत ना फादर? वेदी खरी, घंटा खरी, मेणबत्त्या खऱ्या. एवढं सगळं खरं असताना लग्न तेवढं खोटं कसं?”

“पण त्यातला पाद्री नट होता!” फादरांनाही घाम फुटला.

“मग ते पाप तुमच्या माथी!”

फादरांनी घाईघाईने छातीवर क्रूसाची खूण केली. आता सेपा मावशीने मूळ मुद्द्याला हात घातला. “आणि हा आर्तेमियो कोण उपटसुंभ? कुठला? आमच्या बेलाचं नाव घ्यायची ह्याची हिंमत कशी झाली?”

“ते आर्तेमियोनेच पुढे येऊन सांगावं हे उत्तम,” फादर म्हणाले आणि थेट माझ्याकडे बघत राहिले. मी खाली वाकून एक वायर गुंडाळायला घेतली. गुंडाळून झाल्यावर ती उलगडून पुन्हा गुंडाळली.

“ए बॉय!” मावशी माझ्यापुढे येऊन उभी राहिली. “तू मनिलाचा. ह्या आर्तेमियोला ओळखतोस?”

“नाही हो मावशी! हे नावच आज पहिल्यांदा ऐकतोय.”

“मग चल, शोधू! तुझा आवाज खणखणीत आहे. हा घे भोंगा!”

मंडळी, त्या दिवशी सान तेल्मोच्या बाजारात हातात भोंगा घेऊन, मागे दोनेकशे चवताळलेल्या बायका घेऊन, मी स्वतःच्या नावाने ओरडत फिरलो! “आर्तेमियोऽऽ! असशील तिथून बाहेर ये!” मागून आवाज येत होते, “त्याला समुद्रात बुडवू!” “आधी माफी मागायला लावू, मग बुडवू!” “बॉय, मोठ्याने ओरड ना!” मी मोठ्याने ओरडत होतो. जीव खाऊन ओरडत होतो.

सुक्या मासळीच्या दुकानातून एक म्हातारबाबा काठी टेकत बाहेर आले. “मीच आर्तेमियो. काय झालं?”

“तुमचं नाव चर्चमध्ये लग्नासाठी वाचलं!” मावशी गरजली.

“हो?” बाबांचे डोळे लकाकले. “मग मुलगी कुठे आहे?”

त्यांना परत दुकानात बसवताना पुरेवाट झाली. जाता जाता बाबा माझ्याकडे निरखून बघत म्हणाले, “तूच नाहीस ना रे तो दुसरा आर्तेमियो?”

“छे छे! मी बॉय!” मी जवळजवळ किंचाळलो.

आमची फौज रिकाम्या हाताने चर्चमध्ये परतली. टिनाय तिथेच बसून होती. ती उठली, सगळ्यांसमोर माझ्याजवळ आली आणि सेटवर बोलावं तसं अगदी सभ्यपणे म्हणाली, “बॉयदादा, तुम्ही खरंच ह्या आर्तेमियोला ओळखत नाही?”

तिच्या डोळ्यांत मी एवढंच वाचलं, की आता बोल. मावशी माझ्या उजव्या हाताला होती. डावीकडे ती सोफ्यावरची बाई होती. माझ्या घशातून आवाज निघाला, “नाही, मॅडम.”

सान तेल्मोत घरोघरी झुंजीचे कोंबडे पाळतात, ते वेळकाळ न बघता ओरडत असतात. तरीपण नेमका तेव्हाच एकाने बांग द्यावी? फादर उर्बानोंनी माझ्याकडे असं पाहिलं, की मला बायबलमधलं, शिष्य येशूला तीनदा ‘ओळखत नाही’ म्हणतो आणि कोंबडा आरवतो ते पान पाठ नसतं तर बरं झालं असतं असं वाटलं.

टिनाय जाऊन बाकावर बसली आणि मांडीवरच्या रुमालाची घडी घालायला लागली.

आणि मग सेपा मावशीच्या डोक्यात प्रकाश पडला! ती एकदम ओरडली, “थांबा! आम्ही सगळ्याच मूर्ख! अगं, बेलाचं खरं नाव बेला आहे का? नाही. फ्लोरेन्तिना! मग झांड्रोचं खरं नाव झांड्रो कसं असेल? नटांची नावं कधी खरी असतात का? आर्तेमियो बातुंगबाकाल म्हणजे आपला झांड्रोच!”

आणि असा जल्लोष झाला की खिडक्यांच्या काचा थरथरल्या. बायका एकमेकींच्या गळ्यात पडून रडू लागल्या. “खरंच लग्न करतायत! खरंखुरं!” सगळ्या जणी झांड्रोकडे धावल्या. “बाळा, खरं सांग, तुझं बाप्तिस्म्याचं नाव काय?”

झांड्रो संताच्या पुतळ्यामागे लपला होता. त्याचं खरं नाव प्रोकोपियो आहे. हे मला ठाऊक, कारण त्याची आई फोन करते तेव्हा त्याच्या कॉलरचा माइक चालू असतो. ते नाव बाहेर फुटण्यापेक्षा त्याने समुद्रात बुडणं पसंत केलं असतं. तो लाजून लालबुंद झाला आणि गप्प राहिला. बायकांना आणखी काय हवं होतं? त्यांनी त्याला खांद्यावर उचललं! सोफ्यावरची बाई चॅनेलला फोन लावायला बाहेर पळाली.

सुटलो! माझ्या मनात पहिला विचार हाच आला, खोटं कशाला सांगू. कुणाला काही कळणार नव्हतं. मी असाच हळूच बसस्टँडकडे गेलो असतो तर अंगावर ओरखडासुद्धा उठला नसता. मी पिशवी उचललीसुद्धा. तेव्हा टिनाय माझ्या बाजूने दाराकडे निघाली होती. न थांबता, न बघता ती हळू आवाजात म्हणाली, “एकदाच म्हणायचं होतं रे.”

इतकी वर्षं मी तिचा आवाज ऐकतोय. रडतानाचा, हसतानाचा, मरतानाचा. हा आवाज मी कधी ऐकला नव्हता. तो मालिकेतला नव्हता. आणि मंडळी, त्या क्षणी मला ज्या गोष्टीची भीती वाटली, तिच्यापुढे दोनशे बायका, चॅनेल, समुद्र, सगळं किरकोळ होतं. ही दाराबाहेर गेली तर परत यायची नाही!

मी यंत्राच्या सगळ्या कळा वर ढकलल्या आणि माइक तोंडाशी धरला. “मी… मीच आर्तेमियो!”

आतून, बाहेरून, मनोऱ्यावरून, समुद्रापर्यंत तो आवाज गेला.

सगळे माझ्याकडे वळले. आणि हसले! “बॉय, टेस्टिंग नंतर कर!” कुणीतरी ओरडलं. सेपा मावशी डोळे पुसत म्हणाली, “अरे बाळा, घरी आरसा आहे का?”

“आहे, मावशी! रोज बघतो आणि मलाही पटत नाही!” माझा आवाज फाटला. “पण मीच आर्तेमियो बातुंगबाकाल. ही माझी आहे. म्हणजे, मी हिचा आहे. तीनदा नाही म्हणालो ते तुमच्या भीतीने. भीती अजूनही वाटतेय. आता काय मारायचं ते मारा, फक्त टकलावर नको!”

कुणी हसलं नाही की कुणी हललं नाही. दारापाशी पोचलेली टिनाय वळली. सगळ्या चर्चमधून चालत आली, माझ्या हातातला माइक घेतला आणि एवढंच म्हणाली, “हाच.”

झांड्रो खांद्यांवरून धपकन खाली आला. सेपा मावशीने बाक धरला. गुलाबी लाट माझ्या दिशेने सरकायला लागली आणि मी डोळे मिटून टक्कल दोन्ही हातांनी झाकलं.

“एक पाऊल पुढे टाकाल तर बघा!” टिनायचा आवाज मनोऱ्यावरून गरजला. “ह्याच्या केसाला धक्का लागला, जे काय उरलेत त्यांना, तर उद्यापासून बेला मालिकेत नाही! मेली म्हणून समजा. आणि ह्या खेपेला परत येणार नाही!”

लाट जागच्या जागी थिजली. एवढी घाबरलेली माणसं मी आरशाबाहेर कधी पाहिली नव्हती. एक बाई मटकन खाली बसून रडायला लागली, “नको गं बाई, गुरुवारी पुलावर अर्धवट राहिलंय!” सोफ्यावरची बाई बाहेरून धावत आली, “चॅनेलचा फोन लागलाय, काय सांगू?” आणि दोनशे बायका एका सुरात ओरडल्या, “ठेव!! ठेव खाली!”

कारण आता भीती त्यांच्या गळ्याशी आली होती. ही बातमी बाहेर फुटली तर झानबेला संपणार! मनिलातल्या चाहत्यांना कळलं तर? चॅनेलला कळलं तर? मंडळाची तिथल्या तिथे तातडीची सभा झाली. सगळ्या जणींनी संत तेल्मोच्या पुतळ्यावर हात ठेवून शपथ घेतली, की इथे काही घडलंच नाही. कर्ण्यांवरून ऐकलेल्या बाजारातल्या सगळ्यांकडून, अगदी म्हाताऱ्या आर्तेमियोबाबांकडूनही शपथ घेतली. बाबांनी अटीवर घेतली, पण अट काय ते विचारू नका.

तिसऱ्या रविवारी फादरांनी कागद उघडताच सगळ्या चर्चला एकदम खोकल्याची उबळ आली. असा खोकला, की एक अक्षर कुणाच्या कानावर पडलं नाही. यंत्रापाशी मी नुसता हात बांधून बसलो होतो. माझ्या धंद्यात मी असं काम पाहिलेलं नाही!

लग्न पहिल्या प्रार्थनेला झालं. खिडक्यांना आतून चादरी, दाराशी पहारा, आणि फोटो काढायला सक्त मनाई. आमच्यात वधूवरांच्या खांद्यांवर मिळून एक दोर घालतात, त्याचा एक फेरा वराच्या गळ्यात आणि दुसरा वधूच्या. तो मान सेपा मावशीने मागून घेतला. तिचे डोळे भरून आले होते. मलाही भरून आलं. वाटलं, चला, एकदाचं मावशीने आपल्याला पदरात घेतलं!

तिने पहिला फेरा माझ्या गळ्यात घातला, आणि दुसरा हातातच धरून ती थांबली. माझ्या कानाशी वाकून हळूच म्हणाली, “झालं ते झालं. तू माणूस वाईट नाहीस, लोमी खायला येत जा. पण एक आत्ताच बजावून ठेवते, बॉय. लग्न केलंस म्हणून त्या दोघांच्या मध्ये यायचं नाही!”

“नाही येणार, मावशी,” मी म्हणालो. दुसरं काय म्हणणार? दोर माझ्या गळ्यात होता आणि टोक तिच्या हातात!